इथिओपियाच्या मुक्तिलढ्यातील स्त्रिया : ‘एक-तृतीयांश’ या आकड्याचा अर्थ काय घ्यावा?

गोदाकाठची_वाचक

नमस्कार. नाशिकमधील आमच्या महिला वाचक मंडळात ८ मार्चच्या निमित्ताने दर वर्षी एखाद्या देशातील स्त्रियांच्या लढ्यावर सविस्तर मांडणी केली जाते. यंदा इथिओपियाचा विषय माझ्याकडे आला आहे. वाचताना एक वाक्य मला सगळीकडे भेटते : तिथल्या मुक्तिलढ्यातील सैनिकांमध्ये सुमारे एक-तृतीयांश स्त्रिया होत्या. हे वाक्य वाचून थक्क व्हायला होते, परंतु पुढे काही समजत नाही. या स्त्रिया प्रत्यक्ष बंदूक घेऊन लढत होत्या, की स्वयंपाक, शुश्रूषा आणि निरोप पोचवणे ही कामे करणाऱ्यांनाही सैनिक म्हणून मोजले आहे? शिवाय हा मुक्तिलढा नेमका कोणाविरुद्धचा? काही ठिकाणी इटालियनांचा उल्लेख येतो, काही ठिकाणी सम्राटाचा, तर काही ठिकाणी लष्करी राजवटीचा.

मी हे इतक्या आग्रहाने विचारते, त्यामागे आपल्या शहराचेच एक उदाहरण आहे. १९३० च्या काळाराम मंदिर सत्याग्रहात स्त्रिया होत्या, त्यांनी अटक आणि मार सोसला, हे आपण अभिमानाने सांगतो. त्यांच्यापैकी किती जणींची नावे आपल्याला ठाऊक आहेत, असे विचारले की सभागृह शांत होते. इथिओपियाच्या बाबतीत माझ्या मांडणीत तसे होऊ नये, आकडा सांगून माणसे गाळली जाऊ नयेत, अशी माझी इच्छा आहे. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

जुने_नाशिक

ताई, आपल्या दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण तो सुटल्याशिवाय पहिला सुटणार नाही. इथिओपियाच्या इतिहासात ज्याला मुक्तीचा लढा म्हणता येईल असे निदान तीन वेगवेगळे प्रसंग आहेत आणि एक-तृतीयांश हा आकडा त्यांतील केवळ शेवटच्या प्रसंगाला लागू होतो.

पहिला प्रसंग १८९६ चा. १ मार्च १८९६ रोजी अडवा येथे सम्राट मेनेलिक यांच्या फौजेने इटालियन सैन्याचा पूर्ण पराभव केला. त्यांची पत्नी, सम्राज्ञी तायतू बेतुल, स्वतःची तुकडी घेऊन या मोहिमेत सामील झाल्या होत्या. त्याआधी जानेवारीत मेकेले येथील इटालियन किल्ल्याला वेढा पडला असता, किल्ल्याला पाणी पुरवणारा झरा ताब्यात घेण्याचा डाव तायतूंचाच होता, असे सांगितले जाते. पाणी तुटल्यावर त्या शिबंदीला किल्ला सोडावा लागला. अडव्याच्या रणांगणावर सैनिकांना आणि जखमींना पाणी पोचवणाऱ्या हजारो स्त्रिया होत्या, त्यांची नावे मात्र कोणी लिहून ठेवली नाहीत. आपण काळाराम सत्याग्रहाबद्दल जे म्हणता, ते इथेही तंतोतंत घडले आहे.

दुसरा प्रसंग १९३५ ते १९४१ चा, आणि माझ्या मते आपल्या मांडणीत याला स्वतंत्र जागा मिळायला हवी. ३ ऑक्टोबर १९३५ रोजी मुसोलिनीच्या सैन्याने युद्धाची घोषणाही न करता आक्रमण केले, विषारी वायू वापरला, आणि ५ मे १९३६ रोजी अदिस अबाबा घेतले. सम्राट हैले सेलासी देशाबाहेर गेले, तरी लढा थांबला नाही. डोंगराळ भागात ‘अर्बेन्योच’, म्हणजे देशभक्त म्हणवणाऱ्या टोळ्या पाच वर्षे गनिमी पद्धतीने लढत राहिल्या. या काळातील दोन स्त्रियांबद्दल खात्रीने लिहिता येते. केबेदेच सेयुम या सम्राट योहान्नेस चौथे यांच्या घराण्यातील. त्यांचे पती अबेरा कासा यांनी डिसेंबर १९३६ मध्ये अभयाच्या आश्वासनावर विसंबून फिचे येथे शरणागती पत्करली आणि इटालियनांनी त्यांना ठार केले. त्यानंतर केबेदेच यांनी पतीच्या माणसांचे नेतृत्व स्वतःकडे घेतले आणि लहान मुलांना सांभाळत लढा चालू ठेवला. शेवारेगेद गेडले यांची वाट निराळी. त्यांनी स्वतःची मालमत्ता या कामात घातली आणि शहरात राहून देशभक्तांना शस्त्रे, औषधे आणि शत्रूच्या हालचालींची माहिती पुरवली. पकडल्यावर त्यांना इटलीतील आसिनारा बेटावर कैदेत ठेवण्यात आले, आणि परत आल्यावर त्या पुन्हा त्याच कामाला लागल्या. त्यांच्या बाबतीत लढवय्या आणि मदतनीस अशी विभागणी करायला गेले तर त्यांना कोणत्या बाजूला ठेवणार? बंदूक ज्या हातात पोचते त्या हाताइतकेच ती पोचवणाऱ्या हाताने काय पणाला लावले, हेही पाहिले पाहिजे.

तिसरा प्रसंग १९७४ नंतरचा, स्वदेशी लष्करी राजवटीविरुद्धचा. त्यावर लिहिण्यास माझ्यापेक्षा अधिक योग्य व्यक्ती इथे असतील. फक्त एक सावधगिरी सुचवतो. एरिट्रियन जनमुक्ती आघाडीतील स्त्रियांचीही संख्या सुमारे एक-तृतीयांश असल्याचे सांगितले जाते. मात्र त्या स्त्रिया इथिओपियातून वेगळे होण्यासाठी लढत होत्या. १९६१ मध्ये सुरू झालेला तो सशस्त्र लढा १९९१ मध्ये संपला आणि १९९३ मध्ये एरिट्रिया स्वतंत्र देश झाला. त्यांना ‘इथिओपियन स्त्रिया’ म्हणणे त्यांच्या लढ्यावर अन्याय करणारे आहे. ही आघाडी आणि उत्तर इथिओपियातील तिग्राय जनमुक्ती आघाडी, या दोहोंची छायाचित्रे आणि आकडे अनेक लेखांत एकमेकांत मिसळलेले असतात, तेवढे पाहून घ्यावे.

देवळालीकर

वरील माहितीत एक दुवा जोडतो, कारण तो आपल्या लोकांशी निगडित आहे. १९४१ साली पूर्व आफ्रिकेतून इटालियनांना हुसकावण्यासाठी जे सैन्य गेले, त्यात भारतीय सैन्याच्या चौथ्या आणि पाचव्या डिव्हिजन होत्या आणि एरिट्रियातील केरेनच्या लढाईत मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या पलटणी लढल्या. डोंगरमाथ्यावर शत्रू, खाली उघड्या उतारावर आपले जवान, अशी ती लढाई फेब्रुवारीपासून मार्चच्या अखेरीपर्यंत चालली. मी सैन्यात असताना केरेनचे नाव आदराने घेतलेले ऐकले आहे आणि ते तसेच घेतले गेले पाहिजे.

त्याच वेळी हेही सांगणे मला आवश्यक वाटते की, आपल्याकडील सांगण्यात इथिओपियाची सुटका १९४१ मध्ये बाहेरून आलेल्या सैन्याने केली, असाच सूर असतो. केबेदेच सेयुम यांच्यासारख्या लढवय्यांनी त्याआधीची पाच वर्षे कोणत्याही तोफखान्याशिवाय आणि विमानांशिवाय शत्रूला गुंतवून ठेवले होते. ज्याने पुरवठ्याचा प्रश्न सैन्यात जवळून पाहिला आहे, त्याला शेवारेगेद यांचे काम किती कठीण होते हे वेगळे सांगावे लागणार नाही. शत्रूच्या ताब्यातील शहरातून काडतुसे बाहेर काढणे हे आघाडीवरच्या कामापेक्षा कमी धोक्याचे नाही. आपल्या व्याख्यानाला माजी सैनिकांच्या घरची मंडळी येणार असतील, तर केरेनचा उल्लेख अवश्य करावा, पण या स्त्रियांच्या नंतर.

मेकेलेतील_शिक्षक

मी मूळचा नाशिकचा. उत्तर इथिओपियातील तिग्राय प्रांताची राजधानी असलेल्या मेकेले येथे मी काही वर्षे विद्यापीठात अध्यापन केले. तिसऱ्या प्रसंगाबद्दल मी लिहितो.

सप्टेंबर १९७४ मध्ये सम्राटांना पदच्युत करून ‘दर्ग’ या लष्करी समितीने सत्ता घेतली. या बंडामागे विद्यार्थ्यांची आणि कामगारांची मोठी चळवळ होती, तिच्यात तरुणी होत्या, आणि वैद्यकीय शाखेची विद्यार्थिनी मार्ता मेब्राहतू हिने तर डिसेंबर १९७२ मध्येच विमान ताब्यात घेण्याच्या प्रयत्नात प्राण गमावले होते. लष्कराने मार्च १९७५ मध्ये ग्रामीण जमिनीचे राष्ट्रीयीकरण करून जमीनदारी संपवली, हे मान्य करावे लागेल. परंतु विरोधकांना चिरडण्यासाठी दर्गचे नेते मेंगिस्तू हैले मरियम यांनी जो ‘लाल दहशतवाद’ पुकारला, त्यात शहरांतील हजारो तरुण-तरुणी मारले गेले. फेब्रुवारी १९७५ मध्ये तिग्रायच्या पश्चिमेकडील देदेबित येथे मूठभर लोकांनी तिग्राय जनमुक्ती आघाडी उभी केली. आपण वाचलेला एक-तृतीयांशाचा आकडा प्रामुख्याने या आघाडीचा आहे.

आता आपला पहिला प्रश्न. होय, स्त्रिया प्रत्यक्ष तुकड्यांमध्ये होत्या, पुरुषांसोबत तेच प्रशिक्षण घेत होत्या आणि लढाईत मरतही होत्या. तरीही हा आकडा संपूर्ण आघाडीचा आहे, ज्यात वैद्यकीय पथके, शिक्षिका, प्रचारक, दळणवळण आणि पुरवठा हे सारे आले. अगदी पुढच्या फळीत स्त्रियांचे प्रमाण त्याहून कमी होते. मला स्वतःला यात आकड्याचे अवमूल्यन दिसत नाही. सरकारी विमाने दिवसा बाजारांवर आणि शेतांवर बॉम्ब टाकत असत, त्यामुळे बाजार रात्री भरत, दवाखाने गुहांमध्ये चालत. जून १९८८ मध्ये हौझेन येथे बाजाराच्या दिवशीच बॉम्बफेक झाली आणि मृतांचा आकडा साधारणपणे अडीच हजार सांगितला जातो. ज्या युद्धात बाजाराला गेलेली बाई मारली जाते, त्यात पुढची आणि मागची फळी अशी रेघ ओढताच येत नाही.

या स्त्रिया का गेल्या, हे मात्र आपण मांडणीत अवश्य घ्यावे. तिथे मुलींचे विवाह फार लहान वयात होत असत. सासरहून पळून आलेल्या, शाळेची इच्छा असलेल्या अनेक मुली आघाडीत दाखल झाल्या. एका सरकारी कार्यालयात काम करणाऱ्या, पूर्वी लढवय्या असलेल्या बाईंशी माझा चांगला परिचय होता. लढायांबद्दल विचारले तर त्या दोन वाक्यांत उत्तर संपवत, पण डोंगरात असताना लिहायला-वाचायला कशा शिकल्या आणि पहिल्यांदा सभेत उभे राहून पुरुषांसमोर मत कसे मांडले, हे त्या मोठ्या उत्साहाने सांगत. आघाडीची शिस्त अतिशय कडक होती. सुरुवातीची अनेक वर्षे स्त्री-पुरुष लढवय्यांमध्ये शारीरिक संबंधांवर पूर्ण बंदी होती आणि विवाहाला परवानगी पुष्कळ उशिरा मिळाली. या नियमामुळेच आईवडील मुलींना जाऊ देण्यास काही प्रमाणात तयार झाले, असे तिथले लोक सांगतात.

नेतृत्वाचे चित्र फारसे उत्साहवर्धक नाही. अरेगाश अदाने या केंद्रीय समितीत होत्या आणि त्यांचा शब्द वजनदार होता, परंतु त्यांच्यासारख्या स्त्रिया अगदी मोजक्या. तळात एक-तृतीयांश आणि माथ्यावर बोटांवर मोजण्याइतक्या, ही तफावत आपण लपवू नये. फेटलवर्क गेब्रेग्झियाबेर या आघाडीच्या उपाध्यक्षा झाल्या तेव्हा २०१७ साल उजाडले होते.

निफाडची_शेतकरी

मी हा सारा धागा लक्षपूर्वक वाचला आणि मला एका गोष्टीची उणीव भासते. लढाईत कोण होते यावर सर्वांनी उत्तम लिहिले आहे. लढाई ज्या गावांच्या नावाने झाली, त्या गावांतील शेतकरी बाईच्या हाती काय आले, हा प्रश्न कोणी विचारलेला नाही. तिग्राय हा आपल्यासारखाच कोरडवाहू शेतीचा, बैलजोडीच्या नांगराचा मुलूख आहे, म्हणून मी त्या बाजूने वाचन केले आहे.

तिथल्या उंच प्रदेशातील रूढीनुसार बाईने नांगराला हात लावायचा नसतो. निंदणी करायची, कापणी करायची, मळणीत राबायचे, ओझी वाहायची, पण औत पुरुषाचेच. आपल्या तालुक्यातील कोणत्याही बाईला हे समजावून सांगावे लागणार नाही. या रूढीचा परिणाम साधा आणि क्रूर आहे. विधवा किंवा घटस्फोटित बाईच्या वाट्याला जमीन आली तरी ती स्वतः नांगरू शकत नाही, म्हणून वाट्याने द्यावी लागते, आणि पिकाचा मोठा हिस्सा नांगरणाऱ्याच्या घरी जातो. आघाडीने मुक्त केलेल्या भागात जमिनीचे फेरवाटप केले, तेव्हा बाईला तिचा स्वतंत्र हिस्सा दिला, घटस्फोट झाला तरी तो तिच्याकडे राहील अशी व्यवस्था केली, आणि काही काळ स्त्रियांना नांगरणीही शिकवली. मला या साऱ्या लढ्यातील हे सर्वांत धाडसी पाऊल वाटते, कारण बंदूक धरणारी बाई युद्ध संपल्यावर बंदूक खाली ठेवते, परंतु नांगर धरणारी बाई दर वर्षी पावसाळ्याआधी गावाच्या डोळ्यांसमोर उभी राहते.

आणि नेमके हेच पाऊल मागे घेण्यात आले. गावातील पुरुषांचा आणि धर्मगुरूंचा रोष ओढवून घेणे युद्धकाळात परवडणार नाही, या विचाराने आघाडीने स्त्रियांच्या नांगरणीचा आग्रह सोडला. शत्रूच्या विमानांपुढे न झुकलेली संघटना गावकीच्या रूढीपुढे झुकली. मी यासाठी त्यांना सरसकट दोष देत नाही, कारण शेतकऱ्यांच्या पाठिंब्याशिवाय ते एक महिनाही टिकले नसते. पण किंमत कोणी मोजली हे लिहिले गेले पाहिजे.

आपल्या जिल्ह्यातील चांदवडला नोव्हेंबर १९८६ मध्ये शेतकरी संघटनेच्या महिला आघाडीचे विराट अधिवेशन झाले होते. माझी आई त्याला गेली होती. त्यानंतर काही वर्षांतच पत्नीच्या नावे जमीन करून देण्याचे लक्ष्मीमुक्तीचे आंदोलन सुरू झाले आणि किती तरी गावांत सातबाऱ्यावर बायकांची नावे लागली. तिग्रायमधील स्त्रिया आणि चांदवडला जमलेल्या स्त्रिया एकाच दशकात एकाच प्रश्नावर विचार करीत होत्या, एकमेकींची गंधवार्ता नसताना. गोदाकाठच्या ताईंनी मांडणीत हा धागा घेतला तर आमच्या भागातील बायका व्याख्यान अधिक आपुलकीने ऐकतील, असे मला वाटते.

गोदाकाठची_वाचक

सर्वांचे मनापासून आभार. निफाडच्या ताईंच्या प्रतिसादाने माझ्या टिपणांचा क्रमच बदलला आहे. सम्राज्ञी तायतूंपासून सुरुवात करण्याचा माझा विचार होता. आता त्यांचा उल्लेख संक्षिप्त ठेवून मी तिग्रायच्या जमिनीपासून सुरुवात करेन आणि त्यानंतर केबेदेच व शेवारेगेद यांच्याकडे मागे जाईन. राजघराण्यातील स्त्रियांची नावे टिकली आणि पाणी वाहणाऱ्यांची टिकली नाहीत, हा मुद्दाही त्याच ठिकाणी स्पष्टपणे मांडता येईल.

मेकेले येथे राहिलेल्या सरांना एक विचारायचे आहे. मे १९९१ मध्ये आघाडीच्या नेतृत्वाखालील फौजांनी अदिस अबाबा घेतले आणि सत्ता आली. त्यानंतर जमिनीच्या कागदावर बाईचे नाव लागले का? आणि लढवय्या स्त्रियांचे पुढे काय झाले?

मेकेलेतील_शिक्षक

ताई, कागदाच्या बाबतीत उत्तर दोन भागांत द्यावे लागते. १९९५ मध्ये अमलात आलेल्या संविधानाच्या ३५व्या कलमाने स्त्रियांना समान हक्क दिले, शतकानुशतकांच्या विषमतेची भरपाई म्हणून विशेष उपाययोजनांची तरतूद केली आणि जमिनीच्या वापराबाबत व नियंत्रणाबाबत समान हक्काचा स्वतंत्र उल्लेख केला. या कलमामागे लढवय्या स्त्रियांचे योगदान आहे, असे मी निःशंकपणे म्हणतो. जमिनीची मालकी तिथे सरकारची असते, शेतकऱ्याला वहिवाटीचा हक्क मिळतो. त्या हक्काची प्रमाणपत्रे देण्यास सर्वांत आधी, १९९८ च्या सुमारास, तिग्रायनेच सुरुवात केली; परंतु ती कुटुंबप्रमुखाच्या नावाने दिली गेली, आणि नवरा असलेल्या घरात कुटुंबप्रमुख म्हणून साहजिकच त्याचे नाव लागले. एकट्या बाईच्या घरात तिचे नाव लागले, हा लाभ मात्र मोठा होता. शेजारच्या अम्हारा प्रांतात काही वर्षांनंतर हे काम झाले तेव्हा पती-पत्नी दोघांची नावे आणि दोघांची छायाचित्रे प्रमाणपत्रावर आली. म्हणजे ज्या प्रांतातील स्त्रिया सर्वाधिक संख्येने लढल्या, त्या प्रांताच्या कागदात विवाहित बाईचे नाव मागे राहिले.

लढवय्या स्त्रियांपैकी पुष्कळ जणी १९९१ नंतर लष्करातून बाहेर पडल्या. काहींना शासकीय नोकऱ्या मिळाल्या, काही गावी परतल्या. परतणाऱ्यांना सोपे गेले नाही : शिक्षण अर्धवट, वय वाढलेले, आणि ज्या समाजाला पत्नीने मान खाली घालून बोलावे अशी अपेक्षा, त्या समाजात सभेत बोलायची सवय लागलेल्या या बायका. २००० मध्ये सुधारित कुटुंब कायद्याने मुलींच्या विवाहाचे वय १८ केले. लहानपणी लग्न होऊन डोंगरात पळून गेलेल्या स्त्रियांच्या दृष्टीने या कायद्याचे मोल काय असेल, हे आपण जाणू शकता.

आणखी एक गोष्ट आपल्या मांडणीतून वगळू नये अशी माझी विनंती आहे. नोव्हेंबर २०२० मध्ये केंद्र सरकार आणि आघाडी यांच्यात तिग्रायमध्ये पुन्हा युद्ध पेटले आणि २ नोव्हेंबर २०२२ रोजी प्रिटोरिया येथे करार होईपर्यंत चालले. त्यात स्त्रियांवर जे लैंगिक अत्याचार झाले, त्यांची नोंद संयुक्त राष्ट्रांच्या तपासात झाली आहे, आणि त्याच युद्धात तरुण मुली पुन्हा मोठ्या संख्येने शस्त्र घेऊन उभ्या राहिल्या. १९९१ मध्ये विजयी होऊन परतलेल्या आयांच्या मुली त्यांच्यात होत्या. आपले व्याख्यान १९९१ च्या विजयावर संपवले तर श्रोत्यांना बरे वाटेल, परंतु मेकेलेतील माझे विद्यार्थी आणि विद्यार्थिनी ज्या काळातून गेले तो त्यात येणार नाही. शक्य असल्यास शेवटची पंधरा मिनिटे या दोन वर्षांसाठी राखून ठेवावीत. व्याख्यानाचा दिवस आणि वेळ इथे कळवल्यास मीही उपस्थित राहीन आणि कोणाला प्रश्न असतील तर त्यांची उत्तरे देण्याचा प्रयत्न करेन.

निफाडची_शेतकरी

आमच्या गावातून आम्ही काही जणी येऊ. चांदवडच्या अधिवेशनाला गेलेल्या दोघी-तिघी अजून शेतात उभ्या राहतात; त्यांनाही घेऊन येते. सातबाऱ्यावर स्वतःचे नाव लागल्यानंतर घरात काय बदलले आणि काय बदलले नाही, हे त्यांनी आधी दहा मिनिटे सांगावे आणि मग ताईंनी तिग्रायकडे वळावे, असे सुचवते.